रुमालाखालचा आकडा

महाळुंगे पडवळच्या देवळात दादा भजन गाणार होता. एरवी साथीला माझी पेटी असते, पण त्या दिवशी मंडळींनी जुन्नरचा कीबोर्डवाला बोलावला होता. त्याचं नाव मी विचारलं नाही. हडकुळा माणूस, बसल्याबसल्या रुमालानं एकेक पट्टी पुसणारा.

"काळी चार धरा!" दादानं फर्मावलं. साठी उलटली तरी खालच्या पट्टीत गाणं त्याला कमीपणाचं वाटतं.

"व्हय की, बुवा." त्यानं दादाला एक ओळ म्हणायला लावली, मान तिरकी करून ऐकली, एक बटण दोनदा दाबलं आणि कीबोर्डवरच्या छोट्या पडद्यावर रुमाल टाकला. ढोलकीवाल्याला खुणेनंच ढोलकीचा सूर उतरवायला सांगितलं. दादा कीबोर्डवाल्याच्या बोटांकडं बघत गायला. बोटं काळी चारवरच होती. आवाज कुठंच फाटला नाही.

चहाच्या वेळी मी त्याला गाठलं.

"भाऊ, मशिनीत परत्येक सुराला नंबर हाय," तो हळूच म्हणाला. "ह्या काळी चारचा अडुसष्ट. म्या मशिनीला सांगितलं, अडुसष्ट दाबलं तरी सहासष्ट वाजव. नंबर उतरला की कंपनं कमी, गळ्याला आराम. बुवांना बोटं बघायचीत, लोकांना सूर पायजे. दोगांचं भागलं."

माझ्या पेटीचेही सूर खाली सरकवता येतात; दादाला सांभाळून घेणं मलाही जमलं असतं. पण चारचौघांत त्याचा आवाज फाटला की मला आतून बरं वाटायचं.

परतताना दादा खुशीत होता. "आज गळा लई मोकळा व्हता. तुझ्या पेटीत काय बिघाड हाय का रं?"

"पेटीत न्हाई दादा, माझ्या मनात," मी म्हणालो, आणि नारायणगाव येईपर्यंत सगळं सांगून टाकलं. रुमालाखालचं तेवढं सोडून.