शेवटी आला तो आधी जाणार

हिल्डिंगने उभी हयात काल्मार गावच्या रेल्वे कारखान्यात काढली. तिथे मालडबे झाले, प्रवासी डबे झाले, मध्यंतरी पोस्टमनसाठी प्लास्टिकच्या अंगाच्या चौकोनी गाड्याही झाल्या. बाहेरगावचे त्या गाड्यांना हसायचे. हिल्डिंगसमोर हसायची कुणाची टाप नव्हती.

डब्यांपेक्षाही त्याला अभिमान होता एका नियमाचा. माणसं कमी करायची झाली, तर जो शेवटी आला तो आधी जाणार. पूर्वी मुकादमाच्या मर्जीतले टिकायचे, बाकीच्यांना नारळ! ते बंद व्हावं म्हणून हा गडी युनियनच्या सभांत घसा बसेपर्यंत बोलायचा.

मग ऑर्डरी आटल्या. हिल्डिंगच्याच वेल्डिंग विभागातली निम्मी माणसं जाणार असं ठरलं, आणि तिथे सगळ्यांत नवी कोण? हिल्डिंगचीच मुलगी ऊल्रिका. घटस्फोटानंतर लेकीला घेऊन आईबापांजवळ राहायला आलेली. त्या नातीपायी म्हातारा पुन्हा माणसात आला होता.

"तू राजीनामा दे," बायको गुनवोर म्हणाली. "तुझ्या जागी पोरीला ठेवतील."

"तसं नसतं गं. मी सुटलो तर एक माणूस वाचतो, पण तो जाणाऱ्यांतला सगळ्यांत जुना. आपली ऊल्रिका रांगेच्या पार शेपटाला आहे."

"मग साहेबाशी बोल! जगाची भांडणं भांडलास, आणि स्वतःच्या पोरीच्या वेळी मूग गिळून बसलास? कसला रे पुढारी तू?"

तो साहेबाच्या दारापर्यंत गेलाही. पण मागणार काय? माझ्या पोरीपुरता नियम वाकवा? जन्मभर ज्यावर थुंकला, तेच! दारावर टकटक न करताच तो परतला. आणि काय सांगू, शेवटी राजीनामा दिलाच त्याने. उपयोग नाही हे ठाऊक असून दिला. पोरीच्या रिकाम्या जागेवरून रोज ये-जा करणं त्याच्याच्याने झालं नसतं.

ऊल्रिकाला काम मिळालं ते थेट किरुनाच्या खाणीत, देशाच्या दुसऱ्या टोकाला. निघायच्या आदल्या दिवशी घरभर खोकी पडलेली, आणि दारात वेल्डर सिक्स्टेन उभा. हातात हिरव्या मार्झिपानने, बदामाच्या गोड लगद्याने, मढवलेला केक, डोळ्यांत पाणी.

"हिल्डिंग, तू जागा सोडलीस म्हणून मी टिकलो रे. सख्खा भाऊ करणार नाही असं केलंस माझ्यासाठी!"

गुनवोर उठून आत गेली. हिल्डिंगला ओरडून सांगावंसं वाटलं, अरे बाबा, तुझ्यासाठी नाही केलं, कुणासाठीच नाही केलं. पण सिक्स्टेनने त्याचे दोन्ही हात घट्ट धरले होते.

ऊल्रिकाने खोक्यातून बांधलेल्या बशा पुन्हा काढल्या, केक कापला आणि पहिला तुकडा बापापुढे ठेवला.

"खा बाबा," ती म्हणाली. "तुझा मान आहे."

हिल्डिंगने केक खाल्ला. चांगला झालाय, असंही म्हणाला.