राब आणि काळा कोट

स्वातंत्र्यानंतरच्या पहिल्या उन्हाळ्यात एक फ्रेंच सिनेदिग्दर्शक कर्जतला उतरले. मी खालापूरच्या कचेरीत कारकून. कॉलेजात फ्रेंच घेतले होते, म्हणजे व्याकरण पाठ केले होते. तेवढ्यावर मला दुभाषी म्हणून धाडण्यात आले.

आपली कारकीर्द त्यांनी गाडीतच सांगितली. मूकपटांच्या काळात त्यांनी फ्रान्सच्या किनाऱ्यावरच्या कोळ्यांवर चित्रपट काढला. नट नाहीत, खरी माणसे, खरी कामे. पॅरिसने डोक्यावर घेतले. मग बोलपट आले, आणि खरी माणसे बोलू लागल्यावर कंटाळवाणी निघाली. नंतर युद्ध. आता मुंबईच्या एका निर्मात्याने थोडी फिल्म देऊन पाठवले होते. नमुना पसंत पडला तर चित्रपट, नाहीतर परतीची बोट.

पळसदरीजवळ त्यांना राब आवडला. भाताचे रोप टाकायच्या जागेवर शेण, पाला, गवत पसरून पेटवतात, जमीन भाजतात, वर्षातून एकदाच. एक शेतकरी तयार झाला. ठरल्या सकाळी कॅमेरा मांडला, तर हा काळा कोट आणि जरीचा फेटा घालून हजर. मागे बायको: हिरवे लुगडे, नाकात नथ, डोक्यावर पाल्याचा भारा.

"रोजचे कपडे घालायला सांगा," दिग्दर्शक म्हणाले.

"रोजचं फाटकं हाय, भाऊसाहेब," शेतकरी मला म्हणाला. "सायबाच्या मुलखात फाटक्यात जाऊ?"

"त्यांना खरा शेतकरी पाहिजे."

"मंग मी काय खोटा हाय?"

कोळ्यांनी अशी हुज्जत घातली नव्हती, असे दिग्दर्शक म्हणाले. त्यांच्यासाठी फाटके सदरे आपण जुन्या बाजारातून नेले होते, ते त्यांनी मुकाट्याने घातले. मी हे भाषांतरित केले नाही.

"आजच भाजाय पायजे, उद्या वारं उठंल," शेतकऱ्याने सांगितले. "मी पेटवतो. तुमी काढा, नायतर बसा."

त्याने पेटवले. दोघे नवराबायको लग्नातल्या फोटोसारखी कॅमेऱ्याकडे बघत उभी. मागे धूर. इतक्यात एक ठिणगी कोटावर पडली.

"अवं, कोट! माझ्या भावाचा हाय तो!" बायकोने भारा टाकला आणि नवऱ्याला दोन्ही हातांनी बडवू लागली. तो फेटा सावरत निखाऱ्यांभोवती पळाला. दिग्दर्शक हसत होते, पण कॅमेरा चालू होता.

मुंबईत आम्हा दोघांसमोर निर्मात्याने नमुना पाहिला. "शेतकऱ्याला हा पोशाख कुणी चढवला? खोटे वाटते."

"त्याने स्वतःच घातला," मी म्हणालो. निर्माता हसला. मग त्याने तोडगा काढला: स्टुडिओत पाला पेटवू, एखाद्या नटाला फाटके घालू, चित्रपट पक्का.

मी ते फ्रेंचमध्ये सांगितले.

"बोटीचे तिकीट कुठे मिळते," दिग्दर्शक म्हणाले, "एवढे यांना विचारा."

मी विचारले. निर्मात्याने लगेच पत्ता लिहून दिला. अक्षर फार सुंदर होते.