बाद कागदाचं कव्हर

हे मी कुनालाच सांगितलं न्हाई, मालकांना बी न्हाई.

आमी पलूसला ऱ्हातो. माझी पोरगी पयलीत हाय. मी सातवीपातूर शिकले, फलटणला, मग लगीन करून हिकडं आले. थोरल्या जावंला सासूबाईंनी एका फोनच्या संशयावरनं म्हायेरी धाडली, तिचं पोरगं ठिवून घेतलं. कुनाचा फोन, काय बोलनं, कुनी इचारलं न्हाई. तवापासनं सासूबाईंच्या चपलंचा आवाज आला की मी हातातलं टाकून उठती.

आळीत एक मावशी हाय, एकटीच ऱ्हाती. ती सांगलीच्या एका छापखान्यातनं कागदाचे गठ्ठे एसटीनं आनायची, पंचांगं, जत्रंची पत्रकं, आन् आमी बायका घरी बसून त्येच्या घड्या घालायचो. चमच्याची पाठ फिरवली की घडी दबती. मला तिनंच लावलं कामाला. सासूबाईंना म्हनाली, "आवं वैनी, उंबऱ्याभायेर पाय बी टाकायला नगं तिला."

लग्नसराई उतरल्यावर एक गठ्ठा आला. वर पंचांगाचं पान, खाली चित्रांची गोष्ट, आन् चित्रात बाई उघडी. मी पदरच टाकला त्येच्यावर.

मावशी हासली. "काय गं, साप निघाला व्हय? नागपंचमीच्या शिराळ्याची असतीस तर हातात धरला असतास."

"मावशी, हे पाप हाय."

"पाप जुनं हाय, बाई. छापखान्याच्या मालकाच्या बापापासनंचं. तवा चावट पुस्तकं पिना मारून बंद करायचे, स्टँडावर मासिकांच्या खाली लपवून इकायचे. एकदा पोलीस यायची कुनकुन लागली तर बापानं सगळे गठ्ठे कृष्णेत सोडले. पानं काठाला लागली, दोन दिस घाटावर बायका धुनं धुवाय जाईनात."

"आन् आता?"

"आता मोबाइलवर फुकटात दिसतंय, ती पुस्तकं मेली. हे निराळं. पुण्याची एक बाईच काढती ही चित्रं. ती म्हनती ही कला हाय. तिकडचे छापखानेवाले म्हनले, ही अश्लील हाय, आमाला आत जायचं न्हाई. आपला मालक म्हनतो, मी नुसतं छापतो."

"आन् आपन?"

"आपन नुसत्या घड्या घालतो. घाल."

मोठ्या कागदावर पानं उलटीसुलटी असत्यात, घडी घातली की गोष्ट सरळ हुती. मी वाचली. बाळंत झालेली बाई, पोटावर माझ्यासारकेच वन, कुशीत लेकरू. नवरा वढतो तर ती म्हनती, आज न्हाई. तो गप उठून लेकराला घेतो, खांद्यावर टाकून फिरवतो. एवढंच. मग फुडं एका पानावर तीच त्येला जवळ बोलावती, हासत. असं आपन म्हनायचं असतंय हे मला कुनी सांगितलंच नव्हतं. मी तीनदा वाचली. भाजी करपली, सासूबाई वरडल्या.

छपाई बिघडल्याले बाद कागद चुलीत घालायचे, मावशीनं बजावलं हुतं. पन त्यातला एक कागद, "आज न्हाई"वाल्या पानाचा, एका अंगानंच छापल्याला, दुसरं अंग कोरं. कागद जाड, पांढरा. मला जाळवंना. पंचांगाच्या बाद कागदाची कव्हरं आमी घालायचोच पोरांच्या पुस्तकांना, कोरी बाजू वर करून. तसंच घातलं, पोरगीच्या गनिताला, कडंनं पिठाची खळ लावून. घरात ऱ्हाईल, कुनाला दिसनार न्हाई, असं वाटलं. एवढी कशी मी येडी.

खळ वाळली, सुटली. पोरांनी वर्गात सोललं. शाळेच्या बाईंनी बोलावलं, मी गेले तर सासूबाई आदीच तिथं, पोरगीचा हात धरून. पुस्तक टेबलावर, पेपरात गुंडाळल्यालं.

"हे कव्हर कुनी घातलं?" बाई म्हनल्या.

सासूबाईंनी पोरगीला आपल्या मागं घेतलं. मला डोळ्यांम्होरं थोरल्या जावंचं पोरगं दिसलं, दाराला धरून रडताना.

मी म्हनाले, "मावशीनं. ती म्हनली पुस्तक आन, मी घालून देती. मला काय म्हाईत आत काय हाय ते."

तिथनं सासूबाई सरळ मावशीच्या दारात. आळी गोळा झाली. मी मागं हुते. मावशीनं पुस्तक बगितलं, मग माझ्याकडं. मला वाटलं आता संपलं.

"व्हय वैनी," ती म्हनाली. "मीच घातलं. डोळ्यांना नीट दिसत न्हाई आता."

"थेरडे, लाज वाटत न्हाई व्हय," सासूबाई म्हनल्या. मी मान खाली घालून उभी.

बोभाटा सांगलीपातूर गेला, छापखान्यानं तिचं काम काढून घेतलं. हळदीकुंकवाला तिला कोन बोलवत न्हाई. नळावर ती आली की बाया घागरी वढून घेत्यात, मी बी घेती. एकदा तिनंच इचारलं, "पोरगी वाचती का गं?" मी नुसती मान हालवली आन् निघाले.

परवा पोरगी मैतरनीला सांगत हुती, "त्या घरात जायचं न्हाई, ती आजी वंगाळ हाय." मी चुलीम्होरं भाकरी थापत हुते. म्हनायला पायजे हुतं, न्हाई बाळा, तसं न्हाई. सासूबाई सोप्यात बसल्या हुत्या. मी थापतच ऱ्हायले.