उरलेली फीत

आर्णीच्या भरणीकाकांना रिकामी फीत बघवत नसे. लोक गाण्यांची यादी देऊन जात, काका कॅसेट भरून देत, म्हणून ते भरणीकाका. यादी संपून शेवटी दोन-तीन मिनिटांची फीत उरली, की दुकानात जो कोणी उभा असेल त्याच्यापुढे ते माइक धरत. "म्हण काहीबी. बिनपेरलं वावर अन् रिकामी फीत, दोन्ही मले पाह्यवत नाही."

गिऱ्हाईक भांडायला येई. "काका, लग्नाच्या कॅसेटीत हे कोन बाई गाऊन राह्यली?"

"वरातीतली पाव्हणी समज ना बाप्पा! जेवाले तं नाही मागून राह्यली?"

मी सातवीतून शाळा सोडली, त्याच आठवड्यात आई मला घेऊन रेडिओ दुरुस्तीला त्यांच्याकडे गेली. मी मान खाली घालून उभी. काका म्हणाले, "शाळा सुटली, कान तं नाही सुटले ना? आयकत जाय." मग माइक आईपुढे. जयंतीसाठी स्वतः जुळवलेलं गाणं आईनं म्हटलं, चांगलं पाच कडव्यांचं. ते कोणाच्या कॅसेटीच्या शेवटाला गेलं, काकांनाही ठाऊक नाही.

आज मी तमिळनाडूत सूतगिरणीत आहे. मशीनचा आवाज जरा बदलला, की सगळ्यांआधी मला कळतं. काकांच्या त्या 'आयकत जाय'वरच माझी भाकर चालते. पण आई गेल्यापासून कान दुसरंच शोधत असतात. तिच्या आवाजाचा एक व्हिडिओसुद्धा नाही. लोक जुन्या कॅसेटी नेटवर चढवतात. जेवणाच्या सुट्टीत मी एकेक उघडते आणि थेट शेवटाला जाते. बहुतेकांनी शेवट कापलेला. मग खाली लिहिते, "दादा, शेवट कापू नका. तिथं माझी आई असेल." एकानं विचारलं, "ताई, भूत शोधून राह्यल्या काय?"

गेल्या महिन्यात नेरच्या एका दादाचं उत्तर आलं. "शेवटी एक बाई होती. खराबी समजून कापलं. कॅसेट हाये अजून, पाठवतो." दोन दिवस माझ्या हातून धागे तुटत राहिले. मग तुकडा आला. काकांचा आवाज, "म्हणा बाई." आई खाकरली. दीड कडवं झालं, आणि खट्ट. फीत संपली.

पण आई तर शेवटपर्यंत गायली होती! काका डोळे मिटून डुलत होते, मला लख्ख आठवतं. मी बोरी अरबला फोन लावला. काका आता तिथं लेकाकडे असतात.

"हो, संपलती फीत," ते म्हणाले. "पण तुही माय रंगात आलती. मधातच कशी थांबवू? मंग मीच बसून आयकलं."

"पुढचं आठवते का, काका?"

"आठवते ना. घसा बसला हाये, पण म्हनतो. थांब, पानी पेतो."

ते पाणी पिऊन येईतो मी फोन स्पीकरवर टाकला, मैत्रिणीचा मोबाइल मागून शेजारी ठेवला, आणि रेकॉर्डिंग लावण्याआधी पाहिलं, त्यात जागा किती उरली आहे.