कोसरी कांडतानाचं गाणं

चंद्रपुरात माझी भाड्याची खोली होती आणि घरी वाट पाहणारं कुणी नव्हतं, त्यामुळे लांबची कामं माझ्याकडेच यायची. मी कॅमेरामन होतो. नव्वदचं दशक संपत आलं होतं. एका निर्मात्याला डोंगरातल्या माडिया लोकांच्या राहणीवर माहितीपट हवा होता. हेमलकसापर्यंत बसनं आणि पुढे दिवसभर पायी, असं करत मी आणि दुभाष्या बारा घरांच्या एका गावात पोचलो. चौथ्या दिवशी दुभाष्याला हिवताप भरला. गावकऱ्यांनी त्याला खाटेवर घालून खाली नेलं. मी मागे राहिलो.

पुढचे अकरा दिवस मी कुणाशी धड बोललो नाही. माणसं चांगली होती. झोपडीच्या दाराशी पानाच्या द्रोणात आंबील ठेवून जायची. मी हातवारे केले की हसायची. संध्याकाळी सगळे शेकोटीभोवती बसत. मी जरा बाजूला बसून आधीच स्वच्छ असलेली लेन्स पुसत राहायचो. कधी कधी आपला आवाज कानावर पडावा म्हणून कॅसेटवरची लेबलं मोठ्यानं वाचायचो.

शेजारची म्हातारी रोज सकाळी अंगणात कोसरी, म्हणजे तिकडचं बारीक भरड धान्य, कांडायची आणि मुसळाच्या ठेक्यावर गायची. तीन सकाळी मी तिचं चित्रण केलं. मधेच ती माझ्याकडे पाहायची आणि आसपासच्या बाया तोंडाला पदर लावायच्या. मला वाटलं, कॅमेऱ्याला लाजतात.

चंद्रपूरला आल्यावर एका माडिया शिक्षकाला खोलीवर बोलावलं आणि टीव्हीवर कॅसेट लावून ते गाणं ऐकवलं. त्यानं कॅसेट दोनदा मागे घ्यायला लावली.

"हे कांडणीचं गाणं नाई, भाऊ."

"मग?"

"तुमच्यावर जुळवून गाऊन राह्यली. म्हणते, हा एकटाच जेवते, एकटाच झोपते. डोळ्याले काळं लावून आम्हाले पाह्यते. याले माय नाई का, बहीण नाई का?" तो माझ्याकडे वळला. "पुढचं सांगू?"

"सांगा."

"मले याची बोली येत असती, तं मीच विचारलं असतं."

मी टीव्ही बंद केला. त्याला चहा द्यायचंही सुचलं नाही.

निर्मात्याला यातलं काही सांगितलं नाही. मला लाज वाटली. माहितीपटात निवेदक 'कांडणीचं पारंपरिक गीत' म्हणाला आणि तेच राहिलं.

पावसाळ्यानंतर त्या शिक्षकाला घेऊन पुन्हा गेलो. म्हातारीला ते गाणं आठवत नव्हतं. अशी कितीतरी जुळवते, म्हणाली. पण तिनं मला घरात बसवलं, समोर भात वाढला आणि विचारत सुटली. आई? मी कॉलेजात असताना गेली. बहीण? नाही. बायको? नाही. मग सैपाक कोण करते? आजारी पडला तं पाणी कोण देते? मी भात चिवडत राहिलो. शिक्षक माझ्याकडे पाहत थांबला.

"जेव म्हणून राह्यली," तो शेवटी म्हणाला. ती तसं म्हणाली होती की नाही, कोण जाणे.

दोन दिवस राहिलो. कॅमेरा फारसा काढला नाही. तिचं नाव विचारायचं राहून गेलं, हे हेमलकसाला बसमध्ये बसल्यावर लक्षात आलं.