तांदळाचे पाच दाणे

शामरावभाऊ खांबावर बल्ब लावून उतरले की वर दिव्याकडे बघतच नसत. खिशातून तांदळाचे पाच दाणे काढून खांबाच्या बुडाशी टाकायचे आणि उकिडवे बसून वेचायचे. पाचही सापडले तर बिडी, नाहीतर पुन्हा शिडी. "दाना दिसला त दिवा, नाई त नुसता थाट," म्हणायचे. ते बालाघाटला आमच्या वॉर्डाचे वायरमन, आणि आमचे शेजारी.

वॉर्डाच्या मेंबरने विहिरीवरचा दिवा आपल्या राईस मिलच्या फाटकावर नेला. महिन्याभरात माझी माय अंधारात विहिरीच्या पायरीवरून घसरली. खुबा मोडला, ती पुन्हा सरळ चालली नाही. मेंबर साधा बघायलाही आला नाही. मी शाळेत मास्तरीण, मुलांना क्षमा शिकवायची आणि घरी येऊन त्या माणसाचं वाटोळं चिंतायची.

"शॉक लागू द्या त्याले," मी भाऊंना म्हटलं.

"नाई बाई. त्याले उजेडाची हौस हाय न? उजेडच देऊ. पन आधी सांगू. न सांगता केलं त पाप लागते."

कार्तिकात मेंबरच्या मुलीचा साखरपुडा ठरला, मिलच्याच आवारात. मिलच्या मागे धानाच्या बांध्या, म्हणजे भाताची खाचरं, पिकाने भरून उभ्या होत्या. भाऊंनी माझ्यासमोर त्याला सांगितलं, "मेंबरसाहेब, पांढऱ्या ट्यूबा नोका लावू, किडे येतीन. पिवळा बल्ब लावतो, टोपन घालून, खाली तोंड करून."

"तू मले शिकवतं? लांजीचे पाव्हणे येऊन राह्यले. दिवस वाटला पाह्यजे."

"हौ," भाऊ म्हणाले, आणि आठ ट्यूबा लावल्या.

दिवेलागणीला पंगत बसली. बांध्यांतून हिरवे किडे उठले ते थेट खिरीत, वरणात, व्याह्यांच्या फेट्यांत. पाव्हणे ताटांवरून उठले. मी भिंतीआडून पोटभर पाहिलं. खोटं कशाला बोलू, इतकं गोड मला कधी काही लागलं नव्हतं.

"काढ सगळे दिवे इथून!" मेंबर ओरडला.

"सगळे? फाटकावरचाबी?" भाऊंनी चार माणसांदेखत विचारलं.

"सगळे!"

दुसऱ्या दिवशी फाटकावरचा दिवा विहिरीवर परत आला, टोपण घालून, खाली तोंड करून. माय काठी टेकत गेली आणि पाचही दाणे तिनेच वेचले.

भाऊ गेले तेव्हा मेंबर म्हातारा झाला होता. त्याच संध्याकाळी विहिरीपाशी त्याने मला हाक मारली, "बाई, हात द्या जरा. पायरी दिसत नाई."

"दिसते, मेंबरसाहेब. इथं तांदूळ दिसते, पायरी काहून नाई दिसणार?"

हात मी दिला नाही. तो वाकला, डोळे बारीक केले, आणि एकेक पायरी बघत धड खाली उतरला. भाऊंनी दिवाच तसा लावला होता. त्या एका गोष्टीसाठी मी भाऊंवर अजून रागावलेली आहे.