पडेल ते काम

मंडळी, आज बहरीनच्या सीफ भागातल्या आमच्या हॉटेलात एक म्हातारे जपानी पाहुणे आले. फॉर्मवर त्यांनी लिहिलं, 'अभिनेता'. मी विचारलं, "हीरो?"

"छे! मी मरतो. चाळीस वर्षं सिनेमात हीरोच्या तलवारीने मरतोय. मी नीट पडलो, तरच तो शूर दिसतो."

आणि लॉबीत पडून दाखवलं! सिक्युरिटीवाला धावत आला.

इथल्या मराठी मंडळाच्या नाटकात मला वॉचमनची दोनच वाक्यं मिळाली, म्हणून मी कालच रुसून नाटकाचा व्हॉट्सअ‍ॅप ग्रुप सोडला होता. आज लंच ब्रेकमध्ये दिग्दर्शक डॉमनिकला फोन लावला. "वॉचमन मीच करणार."

"रोल वाढणार नाही हां, खलास!"

"नको वाढवू. पण ती दोन वाक्यं शेवटच्या रांगेपर्यंत पोचतील."

'पडेल ते काम करीन' म्हणतच आपण सगळे बहरीनला आलो. नीट पडायला कोण कोण शिकलं?